युक्रेनचं २०२५, चार रविवार, दीड हजार रुपये: साडेतीन स्टार

युक्रेनच्या २०२५ सालावर एक अभ्यासवर्ग केला, त्याचा हा रिव्ह्यू. लांब झालाय, आधीच सांगतो. ज्यांना फक्त जावं की नाही एवढंच हवंय त्यांच्यासाठी: पुढची बॅच झाली तर जा, पण तिसरा रविवार बुडला तरी चालेल, दुसरा अजिबात बुडवू नका.

मी एक्स्पोर्ट डॉक्युमेंटेशनचं काम करतो, शिपिंग बिल, पॅकिंग लिस्ट वगैरे, राजकारणाशी माझा संबंध चहाच्या टपरीपुरता. पण २७ ऑगस्ट २०२५ ला अमेरिकेने आपल्या मालावर अजून २५ टक्के टॅरिफ लावला, आधीचा धरून ५०, कारण काय तर आपण रशियाचं तेल घेतो. आमची सोलापूरची एक टॉवेलवाली पार्टी आहे, त्यांचा माल पॅक होऊन पडलेला, तिकडचा बायर म्हणे थांबा. शेठ फोनवर म्हणाले, अहो माझ्या टॉवेलचा आणि युक्रेनचा काय संबंध ते तरी सांगा! मला सांगता येईना. मग पुण्यात नवी पेठेत एका हॉलमध्ये 'युद्धातल्या देशाचं एक वर्ष' असा अभ्यासवर्ग आहे असा मेसेज फिरत आला, जानेवारीतले चार रविवार, सकाळी दहा ते साडेबारा, तर म्हटलं जाऊन बघू.

शिकवायला एक रिटायर्ड मॅडम, आयुष्यभर राज्यशास्त्र शिकवलेल्या. मला वाटलं ट्रम्प-झेलेन्स्कीचं ते ओव्हल ऑफिसमधलं भांडण लावतील स्क्रीनवर आणि तासभर त्यावरच बोलतील. नाही लावलं. म्हणाल्या ते तुम्ही दहा वेळा बघितलंय, २८ फेब्रुवारीचं, मी त्याच्या चार दिवस आधीचं सांगते. १९ फेब्रुवारीला ट्रम्प झेलेन्स्कींना निवडणूक न घेणारा हुकूमशहा म्हणाले. आता तिथे मार्शल लॉ, म्हणजे युद्धकाळातला विशेष कायदा, आहे, त्यात निवडणूक घ्यायला कायद्यानेच बंदी आहे, आणि तो मार्शल लॉ दर ९० दिवसांनी संसदेत मत घेऊन वाढवावा लागतो हे मला पहिल्यांदाच कळलं. तर त्यांच्या संसदेत, म्हणजे रादामध्ये, २४ तारखेला ठराव आला की झेलेन्स्कीच कायदेशीर अध्यक्ष आहेत. पाहुणे म्हणून युरोपातले मोठे नेते आलेले आणि ठराव पडला! २२६ मतं लागतात, २१८ मिळाली. दुसऱ्या दिवशी परत मांडला तेव्हा २६८. म्हणजे हा माणूस वॉशिंग्टनला गेला तो घरातलं हे सगळं आटपून गेला, हे टीव्हीवर कोणी सांगितलं होतं का तुम्हाला? मला तरी नाही.

तिथून पुढे मार्चमध्ये अमेरिकेने शस्त्रं आणि गुप्त माहिती दोन्ही बंद केलं, ११ मार्चला सौदीतल्या जेद्दाहमध्ये युक्रेनने ३० दिवसांच्या युद्धबंदीला हो म्हटलं, मदत परत सुरू. ३० एप्रिलला अमेरिकेबरोबर खनिजांचा करार, त्यावर सही करणाऱ्या युलिया स्विरिदेंको जुलैमध्ये पंतप्रधान झाल्या. हे सगळं मॅडमनी भराभर घेतलं आणि बरोबर घेतलं.

दुसरा रविवार. एवढ्या एका सेशनचे मी पंधराशे दिले असते. नाबू म्हणून त्यांची भ्रष्टाचार पकडणारी संस्था आहे, २०१५ पासूनची, तिला आणि तिच्या जोडीच्या सरकारी वकिलांच्या ऑफिसला २२ जुलैला एका कायद्याने सरकारच्या प्रॉसिक्युटर जनरलच्या हाताखाली आणलं. २६३ मतं, त्याच दिवशी अध्यक्षांची सही. आणि संध्याकाळी पोरं रस्त्यावर. कीव्हमध्ये इव्हान फ्रँको थिएटरजवळ, युद्ध चालू, ड्रोन येतायत, रात्री बाराला कर्फ्यू, तरी खोक्यांचे पुठ्ठे फाडून त्यावर मार्करने पाट्या लिहून उभी. पाट्या म्हटल्यावर आमच्या हॉलमध्ये साहजिकच खसखस पिकली. पण मुद्दा असा की मोठं युद्ध सुरू झाल्यापासून सरकारविरुद्ध एवढी मोठी निदर्शनं पहिल्यांदाच झाली, वरून युरोपियन युनियननेही डोळे वटारले, आणि ३१ जुलैला त्याच संसदेने ३३१ मतांनी तो कायदा फिरवला. नऊ दिवस!

आणि मग खरी गंमत. १० नोव्हेंबरला याच नाबूने एनर्गोअ‍ॅटम, म्हणजे सरकारी अणुवीज कंपनी, तिच्यातलं प्रकरण बाहेर काढलं. आरोप असा की ठेकेदाराला बिल पास करून हवं असेल तर १० ते १५ टक्के ठेवा, एकूण साधारण १० कोटी डॉलर. आतली माणसं या पद्धतीला श्लागबाउम म्हणायची, म्हणजे रस्त्यावरचा तो वर-खाली होणारा दांडा. मागून कोणीतरी 'खेड शिवापूर' म्हणालं आणि मॅडमसुद्धा हसल्या. दोन मंत्र्यांची पदं गेली. २८ नोव्हेंबरला घराची झडती झाल्यावर अध्यक्षांच्या कार्यालयाचे प्रमुख येरमाक यांनी राजीनामा दिला. आता तारखा जोडा: युद्ध थांबवायचा अमेरिकेचा २८ कलमी प्रस्ताव नोव्हेंबरमध्येच आला, २३ तारखेला जिनिव्हात बोलणी झाली, तिथे युक्रेनच्या बाजूचे प्रमुख कोण, तर हेच येरमाक. पाच दिवसांत घरी. समोरच्याशी बोलणी करणारा माणूस आपल्याच तपास यंत्रणेने मध्येच उठवला. मॅडमचं म्हणणं होतं की याला दुबळेपणा म्हणायचं की ताकद ते तुमचं तुम्ही ठरवा. मी ताकद म्हणतो, शेजारचे काका म्हणाले मूर्खपणा, ब्रेकमध्ये पार्ले-जीवर वाद चालू राहिला.

तिसरा रविवार फसला. विषय होते १६ मेची रशिया-युक्रेनची इस्तंबूल बोलणी, त्यातून झालेली हजारास हजार युद्धकैद्यांची अदलाबदल, आणि १५ ऑगस्टची ट्रम्प-पुतिन यांची अलास्का भेट जिला झेलेन्स्कींना बोलावलंच नव्हतं. पण माइक प्रश्नोत्तरांसाठी लवकर फिरवला आणि तो काकांच्या हातात गेला, काका १९७१ पासून सुरू झाले ते साडेबारापर्यंत. आयोजकांनो, माइक सोडू नका हातातून, एवढंच मागणं आहे. १८ ऑगस्टला सगळे युरोपियन नेते वॉशिंग्टनला धावत का गेले, हे दोन वाक्यांत उरकलं.

नकाशाबद्दल तर बोलायलाच हवं. दोनेत्स्क प्रांताचा जो भाग अजून युक्रेनकडे आहे, स्लोव्हियान्स्क, क्रामातोर्स्क वगैरे, तो रशियाला लढाई न करताच हवाय, सगळी बोलणी येऊन अडकतात ती तिथे. म्हणजे नकाशा हवाच. दिला तो काळा-पांढरा झेरॉक्स! मूळचा लाल पण करडा आणि निळा पण करडा. कोणाकडे काय आहे हे कळूच नये अशी व्यवस्था. रेकॉर्डिंग मिळेल असं कबूल केलेलं, ते मिळालं पण त्यात पंखा ऐकू येतो.

चौथ्या रविवारी चिठ्ठ्या काढून प्रत्येकाला एकेक देश दिला, माझ्या वाट्याला बेल्जियम, म्हटलं काय हे. पण रशियाचे साधारण २१० अब्ज युरो युरोपात गोठवलेत आणि त्यातला मोठा हिस्सा ब्रुसेल्सच्या युरोक्लिअर नावाच्या वित्तसंस्थेत आहे. बाकीचे म्हणतात त्या पैशांच्या जोरावर युक्रेनला कर्ज देऊ. आणि उद्या रशिया कोर्टात जिंकला तर? भरणार कोण? मी, म्हणजे बेल्जियम. पतसंस्थेच्या कर्जाला जामीन राहिलेल्या माणसाला जे वाटतं ते मला अर्धा तास वाटत होतं (एकदा राहिलोय, विचारू नका). मी सही केली नाही. मग मॅडमनी सांगितलं, खऱ्या बेल्जियमनेही केली नाही, १९ डिसेंबरला पहाटे युरोपियन युनियनने स्वतःच बाजारातून पैसे उचलून दोन वर्षांसाठी ९० अब्ज युरोंचं बिनव्याजी कर्ज द्यायचं ठरवलं, हंगेरी, स्लोव्हाकिया आणि चेक यांना त्या भारातून वगळून.

भारताला शेवटची फक्त वीस मिनिटं, हे मात्र चूक. पुतिन ४-५ डिसेंबरला दिल्लीत येऊन गेले, टॅरिफ तेव्हा आपल्यावर बसलेला, आणि आपल्यालाच वीस मिनिटं? तरी कामाचं एक मिळालं. रशियाचं कच्चं तेल सगळ्यात जास्त घेतो चीन, पण त्या कारणासाठी असा वेगळा टॅरिफ बसला तो आपल्यावर. शेठना फोन करून हे सांगितलं. क्षणभर गप्प बसले आणि म्हणाले, म्हणजे लेकी बोले सुने लागे. अडीच हजार शब्दांच्या नोट्स काढल्या होत्या मी, त्यांनी चार शब्दांत संपवलं.

टू-व्हीलर असेल तर दहा मिनिटं आधी या, गल्लीत जागा नसते. पुढची बॅच झाली तर मॅडम तुम्हीच घ्या, फी दोन हजार करा पण नकाशा कलर द्या. यावेळी शेवटी मीच बाहेरून कलर प्रिंट काढून आणले, बारा प्रती, वीस रुपयाला एक. अकरा जणांचे पैसे आले. काकांचे यायचेत.