गृहकर्जाचा कॅल्क्युलेटर: हप्ता बरोबर, किंमत अर्धवट

कर्ज देणाऱ्या जवळपास प्रत्येक संस्थेच्या संकेतस्थळावर हा असतो. तीन स्लायडर (रक्कम, व्याजदर, मुदत), खाली ठसठशीत आकड्यात महिन्याचा हप्ता आणि बाजूला दोन रंगांचं एक कडं. हिशेब तपासणं हे माझं पोटापाण्याचं काम, त्यामुळे नात्यात कुणी घर घ्यायला निघालं की स्क्रीनशॉट माझ्याकडे येतो. वेगवेगळ्या संस्थांचे कॅल्क्युलेटर मी चाळले आहेत. रंग सोडले तर साचा एकच, म्हणून हे परीक्षण कुठल्या एका संस्थेचं नाही, त्या साच्याचं आहे.

आधी चांगलं सांगते. गणित चोख आहे. स्प्रेडशीटमधल्या पीएमटी या हप्ता काढायच्या सूत्राशी ताडून पाहिलं तर दशांशापर्यंत जुळतं. आणि अशी सोय फुकट मिळणं ही लहान गोष्ट नाही. एकेकाळी व्याजाचे तक्ते सावकारी पेढ्या गुपितासारखे जपत. फ्लेमिश गणितज्ञ सायमन स्टीव्हिनने 1582 मध्ये अँटवर्पला ते छापून सगळ्यांसमोर ठेवले, तेव्हा कर्जदाराला देणाऱ्याच्या वहीत डोकावता आलं. आज तेच काम बोटाने पट्टी सरकवून होतं. इथवर पूर्ण गुण.

खटकतं ते पुढे. हा कॅल्क्युलेटर 'दर महिन्याला झेपेल का?' या प्रश्नाला उत्तर देतो. 'हे घर मला शेवटी केवढ्याला पडेल?' हा प्रश्न त्याच्या मांडणीत अंग चोरून उभा असतो.

आकडे कुठल्याही चलनात समजावेत म्हणून कर्ज 100 धरू. दर साल 9 टक्के, मुदत 20 वर्षं. हप्ता येतो 0.90 च्या आसपास. ऐकायला किती हलका! पण 240 हप्ते मिळून होतात 216. म्हणजे 100 घेतले, 100 परत केले आणि वर 116 दिले. हा आकडा कॅल्क्युलेटर लपवत नाही हे मान्य. कड्यातला दुसरा रंग तोच. पण तो बारीक टायपात, हप्त्याच्या खाली. डोळा जिथे आधी जातो तिथे हप्ता, आणि माणूस निर्णय तिथेच घेऊन टाकतो.

भाच्याचंही तेच झालं. त्याचा निरोप आला, "मावशी, वीस वर्षांत हप्ता जड जातोय, पण तीस केली की आरामात बसतो. बघ ना." बघितलं. 20 वर्षांना 0.90, 30 वर्षांना 0.80. हप्ता साधारण साडेदहा टक्क्यांनी उतरला. मग मी त्याला म्हटलं, आता नजर जरा खाली ने. एकूण व्याज 116 वरून 190 झालंय. हप्त्यातली दहा टक्क्यांची सवलत मिळवायला व्याज चौसष्ट टक्क्यांनी वाढवून घेतलंस. उलट्या दिशेने 15 वर्षांवर पट्टी आणली तर हप्ता 1.01 आणि व्याज फक्त 83. त्याचं उत्तर आलं, "हे कुणी सांगितलंच नाही." सांगितलं होतं रे, पण इतक्या हळू आवाजात की ऐकू जाऊ नये.

माझी या उत्पादनावरची मुख्य तक्रार या तिसऱ्या पट्टीबद्दल आहे. रक्कम आणि दर यांच्या पट्ट्या आपल्याला सावध करतात, कारण त्या उजवीकडे सरकल्या की हप्ता चढतो. मुदतीची पट्टी उजवीकडे सरकली की हप्ता उतरतो. म्हणजे तिन्हींपैकी एकच पट्टी अशी, जिच्यावर महाग पर्याय स्वस्त दिसतो. मांडणी करणाऱ्याने मुद्दाम केलं असेल असं मी म्हणत नाही. पण हे आकडे रोज बघणाऱ्याला ते दिसत नसेल, हेही पटत नाही.

खरा माल 'परतफेडीचा तक्ता पाहा' या बटणामागे आहे. बहुतेक ठिकाणी ते पानाच्या तळाशी असतं, काही ठिकाणी आधी फोन नंबर मागतात (तिथे मी पान बंद करते). तक्ता उघडला तर कर्ज म्हणजे काय ते कळतं. पहिल्या 0.90 च्या हप्त्यात 0.75 व्याज आणि 0.15 मुद्दल. पाच वर्षांनी तुम्ही 54 भरलेले असता आणि मुद्दल उतरलेलं असतं जेमतेम 11. निम्मी मुदत, दहा वर्षं संपतात तेव्हा 71 अजून बाकी. मुद्दल निम्म्यावर येतं ते चौदाव्या वर्षाच्या शेवटी. पाच-सहा वर्षांत घर विकायचा विचार असणाऱ्यांनी हप्ता बघूच नये, आधी या तक्त्यातला साठावा महिना बघावा. 'इतकी वर्षं भरतोय, बरंच फिटलं असेल' हा समज तिथे उतरतो.

यात फसवणूक काही नाही, हेही सांगायला हवं. व्याज शिल्लक मुद्दलावर लागतं आणि सुरुवातीला शिल्लक सर्वांत जास्त असते, इतकंच. 'संस्था आधी व्याज वसूल करून घेते' असं लोक चिडून म्हणतात. तसं नसतं, त्या महिन्याचं व्याज त्या महिन्यात घेतलं जातं.

या तक्त्यात एक गंमत आहे, मला ती फार आवडते. हप्त्यात मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा कधी होतो? जेवढ्या काळात त्या दराने पैसे दुप्पट होतात, साधारण तेवढा काळ शिल्लक उरला की. 72 ला दराने भागायचा जुना ठोकताळा इथेही चालतो: 72 भागिले 9, म्हणजे आठेक वर्षं. काटेकोर हिशेबाने पावणेआठ. मूळ मुदत 20 असो की 30, शेवटच्या पावणेआठ वर्षांतच मुद्दलाची बाजू जड होते. म्हणजे 20 वर्षांच्या कर्जात सव्वाबारा वर्षं व्याजाची सरशी, 30 वर्षांच्यात बावीस वर्षांहून जास्त. वाढवलेली सगळी वर्षं व्याजाच्या बाजूला जातात.

आता सर्वांत मोठी उणीव. कॅल्क्युलेटर धरून चालतो की आजचा दर शेवटपर्यंत तोच. स्थिर दराचं कर्ज असेल तर ठीक. पण दर बदलता असेल, आणि दर वाढल्यावर हप्ता तोच ठेवून मुदत लांबवली जात असेल, तर पडद्यावरचा एकूण आकडा निव्वळ अंदाज आहे. मी माझ्या शीटमध्ये भाच्याच्या डोळ्यांसमोर 9 चे 10 केले, हप्ता तोच ठेवला. वीस वर्षांची सव्वीस वर्षं आणि वर दोन महिने झाले. व्याज 116 वरून 182 च्या पुढे. एका टक्क्याने! मग 10.8 टाकलं. शीटने चूक दाखवली. बिघडलं वगैरे काही नव्हतं. त्या दराने महिन्याचं व्याजच 0.90 होतं, हप्त्याहून (नेमका 0.8997) केसभर जास्त. म्हणजे हप्ता भरत राहिलात तरी कर्ज कधीच फिटत नाही, मुद्दल हळूहळू वाढतच जातं. त्या आधीच संस्था हप्ता वाढवायला लावते, हे खरं. पण आपला हप्ता कुठल्या दराला पांगळा होतो हे आधी माहीत असावं, आणि हे दाखवणारी पट्टी मला कुठल्याच कॅल्क्युलेटरवर भेटली नाही.

किरकोळ खर्चांची बाजूही कोरी सोडलेली असते. 1 टक्का प्रक्रिया शुल्क हातात येण्याआधीच कापलं तर 20 वर्षांच्या हिशेबात खरा दर 9 ऐवजी सुमारे 9.14 पडतो. तेच कर्ज तीन वर्षांत बंद केलंत तर 9.4 च्या घरात, कारण शुल्क वाटून घ्यायला वर्षंच कमी. म्हणूनच शुल्कासकट वार्षिक दर सांगण्याची सक्ती कायद्याने करावी लागते. अमेरिकेत तसा कायदा 1968 मध्ये झाला. विम्याचा एकरकमी हप्ता कर्जातच मिसळला तर तो अधिक लबाड: 2 चा विमा 20 वर्षं फेडता फेडता 4.3 ला पडतो. विमा नको असं नाही, पण उधारीवर नको. कुणी 'फ्लॅट 5 टक्के' (म्हणजे शेवटपर्यंत मूळ रकमेवरच व्याज) सांगितलं तर हुरळू नका, 20 वर्षांत ते घटत्या शिल्लकीच्या जवळजवळ 8 टक्क्यांइतकं असतं. आणि व्याज दर महिन्याच्या शिल्लकीवर की वर्षातून एकदा मोजलेल्या शिल्लकीवर, हेही विचारा. त्याच 9 टक्क्यांत एवढ्यानेच 20 वर्षांच्या एकूण व्याजात 3 हून जास्त फरक पडतो.

इतकं झोडपल्यावर न्यायाचं एक बोलायला हवं. एकूण व्याजाचा आकडा घाबरवतो तेवढा वाईट नसतो. अठराव्या वर्षी भरलेला 0.90 आणि आज भरलेला 0.90 यांचं वजन सारखं नाही. महागाई सरासरी 5 टक्के राहिली असं गृहीत धरलं, तर ते 216 आजच्या किमतीत 138 च्या आसपास येतात. 138 हा आकडासुद्धा 100 पेक्षा बराच मोठा आहे, पण 'घर दुपटीहून महाग पडलं' हे विधान तितकंसं खरं राहत नाही. शिवाय कर्ज न काढता भाड्याने राहिलात तरी भाडं जातंच. त्यामुळे केवळ 116 बघून कर्जाला नाही म्हणणं हेही अर्धवट वाचनच झालं. चांगल्या कॅल्क्युलेटरने महागाईचा एक रकाना द्यायला काय हरकत आहे?

काही ठिकाणी मुदतपूर्व परतफेडीचा रकाना मात्र असतो, आणि जिथे असतो तिथे मी एक गुण जादा देते. त्यात खेळून बघाच. पहिलं वर्ष संपताच 5 जास्तीचे भरले, हप्ता तोच ठेवला, तर पुढचं सुमारे 20 व्याज वाचतं आणि कर्ज सव्वादोन वर्षं आधी संपतं. तेच 5 पंधराव्या वर्षाच्या शेवटी भरले तर वाचतात 2.6. रक्कम एकच, फळ सातपटीहून अधिक वेगळं. एकरकमी पैसे जमत नसतील तर सुरुवातीपासून हप्ताच 10 टक्क्यांनी वाढवून भरा: चार वर्षं दोन महिने कमी, व्याजात 28 ची बचत.

तर गुण किती? हप्ता काढण्याचं साधन म्हणून 5 पैकी 5. कर्ज घ्यावं की नाही, किती वर्षांचं घ्यावं हे ठरवायचं साधन म्हणून 2, त्यातला एक तक्त्याच्या बटणासाठी. मी स्वतः हप्ता तिथून घेते आणि पुढचं सगळं स्प्रेडशीटमध्ये करते. महिना, सुरुवातीची शिल्लक, व्याज, मुद्दल, उरलेली शिल्लक असे पाच स्तंभ पुरतात. एक ओळ नीट लिहिली की बाकीच्या खाली ओढायच्या. दर वेगळ्या घरात ठेवला की तो बदलून सगळ्या भीती तपासता येतात.

भाच्याने तीसच वर्षं घेतली. माझा त्याला विरोध नाही, कारण तो हप्ता वीस वर्षांच्या हिशेबाने भरणार आहे: करार 30 चा, भरणा 20 चा. नोकरीत काही झालं तर हप्ता 0.80 वर आणायची मुभा राहते आणि सगळं सुरळीत चाललं तर कर्ज विसाव्या वर्षी संपतं. फक्त सही करण्याआधी दोन गोष्टी लेखी घ्यायला लावल्या. जास्तीच्या भरण्यावर दंड लागतो का, आणि जास्तीचे पैसे आले की संस्था मुदत कमी करते की हप्ता. दुसऱ्या प्रश्नावर तिथल्या माणसाने "दोन्ही एकच हो" असं उत्तर दिलं म्हणे. हप्ता कमी केला तर 30 वर्षं तशीच राहतात आणि बचतीचा बराचसा भाग निघून जातो. भाच्याने अर्ज परत मागितला आणि 'मुदत कमी करावी' असं हाताने लिहून दिलं, शिक्का मारलेली प्रत घेतली.