ताश्कंदसाठी अर्धा दिवस: बसटूर, गाडी-गाइड की मेट्रो?

उझबेकिस्तानच्या बहुतेक सहलींत ताश्कंदच्या वाट्याला उरलासुरला अर्धा दिवस येतो. विमान इथे उतरतं, परतीचंही इथूनच सुटतं, म्हणून या शहराची गाठ पडते. समरकंद-बुखाऱ्याचा बेत महिनाभर आधी ठरलेला असतो. ताश्कंदचं मात्र हॉटेलच्या लॉबीत उभ्याउभ्या ठरतं. काउंटरवरून चार तासांच्या बसटूरचं पत्रक पुढे येतं, एजंट फोनवर ‘गाडी-गाइड देतो, त्रास नको’ म्हणतो आणि सोबतचा कॉलेजातला भाचा म्हणतो, एवढी भारी मेट्रो असताना गाइड हवा कशाला?

भाच्याचं अर्धं बरोबर आहे. ताश्कंदमध्ये पैसे गाइडवर खर्च करावेत, गाडीवर नव्हे, असं माझं मत आहे. त्याचं कारण या शहराच्या इतिहासात आहे.

२६ एप्रिल १९६६ला पहाटे शहराच्या ऐन मध्याखाली भूकंप झाला. रिश्टर मापावर पाचच्या थोडा वर, म्हणजे आपल्या किल्लारीच्या ६.२पेक्षा बराच सौम्य. पण केंद्र शहराच्या पोटात आणि अगदी उथळ. मातीच्या विटांची जुनी घरं कोसळली, तीन लाखांच्या आसपास लोक बेघर झाले. मग सोव्हिएत संघाच्या सगळ्या प्रजासत्ताकांतून बांधकामाच्या तुकड्या आल्या आणि त्यांनी काही वर्षांत नवं शहर उभं केलं: रुंद रस्ते, कारंजी, झाडांच्या रांगा, एकसारख्या चौकोनी इमारती. त्यामुळे काचेतून ताश्कंद पाहणारा म्हणतो, ‘स्वच्छ आहे, मोकळं आहे, पण पाहण्यासारखं काय?’ समरकंदच्या रेगिस्तान या भव्य मदरशांच्या चौकापुढे उभं राहिलं की कुणी काही सांगावं लागत नाही. इथे सांगावं लागतं.

चार तासांची बसटूर

ठरलेला मार्ग साधारण असा: स्वातंत्र्य चौक, अमीर तैमूर चौक, हजरती इमाम हा धार्मिक परिसर, चोरसू बाजार, वेळ उरला तर मेट्रोचं एखादं स्थानक आणि ३७५ मीटर उंच टीव्ही टॉवरचा खालूनच फोटो. माणशी खर्च सर्वांत कमी, डोक्याला ताप नाही, उन्हाळ्यात एसी. उन्हाळ्याचं हलक्यात घेऊ नका. जूनअखेर ते ऑगस्टच्या सुरुवातीपर्यंतच्या दिवसांना तिथले लोक ‘चिल्ला’ म्हणतात आणि त्या काळात पारा चाळिशी गाठतो. नागपूरकरांना सवय असेल, पुणेकरांनी जपावं.

अडचण अशी की चार तासांतला बराच वेळ चढण्याउतरण्यात आणि माणसं मोजण्यात जातो. चोरसूला वीस-पंचवीस मिनिटं मिळतात आणि तेवढ्यात निम्मे लोक स्वच्छतागृह शोधत असतात. गाइड माइकवरून जे सांगतो ते चाळीस जणांना चालेल असं असतं. अमीर तैमूर चौकाचंच बघा. बसमध्ये कळतं, ‘हा तैमूरचा अश्वारूढ पुतळा.’ एवढ्यावर बस पुढे. खरी गोष्ट चबुतऱ्याची आहे. या चौकात झारच्या काळात रशियन गव्हर्नर-जनरल कौफमनचं स्मारक होतं, पुढे स्टालिन आला, १९६८मध्ये कार्ल मार्क्सचं मस्तक बसलं आणि १९९३मध्ये तैमूर घोड्यावरून आला. शंभर वर्षांचं राजकारण एका जागी उभं राहून समजतं. चौकातले जुने चिनार २००९च्या अखेरीस तोडले गेले, हेही शहरातली माणसं विसरलेली नाहीत. पण हे ऐकायला बसमधून उतरावं लागतं आणि सांगणाऱ्याला घाई नसावी लागते.

गाडी आणि स्वतंत्र गाइड

बसच्या तुलनेत दर बराच जास्त, पण चार-पाच जणांत वाटला गेला की फरक कमी होतो. आईवडील सोबत असतील, कुणाचे गुडघे दुखत असतील किंवा मांडीवर लहान मूल असेल, तर पुढचं वाचू नका, हेच घ्या. मेट्रोच्या बऱ्याच स्थानकांवर जिने आहेत आणि दिवसभरात तीन-चार वेळा चढउतार झाली की ज्येष्ठांचा उत्साह मावळतो.

या प्रकारातली आणखी एक सोय म्हणजे हिंदी बोलणारा गाइड. ताश्कंदमध्ये हिंदी शिकवण्याची जुनी परंपरा आहे. लालबहादूर शास्त्रींच्या नावाच्या शाळेत मुलं आजही हिंदी शिकतात. राज कपूरचं नाव काढल्याशिवाय हे गाइड पाच मिनिटंही बोलू शकत नाहीत, ते सहन करा. आजीला इंग्रजीपेक्षा ही हिंदी जवळची वाटते आणि ती स्वतः प्रश्न विचारू लागते, हा फायदा पत्रकात लिहिलेला नसतो.

गाडी हाताशी असली की शास्त्री मार्गावरचा शास्त्रीजींचा पुतळाही कार्यक्रमात बसतो. बसटूरमध्ये तो क्वचितच असतो. १० जानेवारी १९६६ला अयूब खान यांच्याबरोबर ताश्कंद करारावर सह्या झाल्या आणि त्याच रात्री, ११ तारीख उजाडता उजाडता शास्त्रीजी गेले. तेव्हाचे संरक्षणमंत्री यशवंतराव चव्हाण शिष्टमंडळात होते आणि ताश्कंदमध्येच होते. शास्त्रीजींनी पाहिलेलं ताश्कंद त्यानंतर साडेतीन महिन्यांत भूकंपात गेलं. मराठी माणसाला एवढ्या एका थांब्यासाठी गाडी घ्यावीशी वाटली, तर मी हरकत घेणार नाही.

खटकणारी गोष्ट एकच: गाडी असली की ‘आमच्या ओळखीच्या दुकानात’ नेण्याचा मोह होतो. सिरॅमिकचं, रेशमाचं, गालिच्याचं. पाऊण तास तिथे गेला तर अर्ध्या दिवसातलं काय उरलं? आधीच सांगा, दुकान नको.

गाइडबरोबर पायी आणि मेट्रोने

धडधाकट दोघं-तिघं असाल, तर माझा कौल याला. तीन-चार तासांचा गाइड ठरवायचा, गाडी नाही. तासांवर काम करणारे तरुण गाइड मिळतात. काही जण ठरावीक दर न लावता शेवटी जे द्याल ते घेतात, मात्र अशा फेरीत अनोळखी मंडळी सोबत असतात.

सकाळी लवकर चोरसूला सुरुवात करा. निळ्या-हिरव्या घुमटाखालचा हा गोल बाजार सोव्हिएत काळात, १९८०च्या सुमारास बांधलेला. बाजार त्याहून कितीतरी जुना. घुमटाखाली तळमजल्यावर मांस असतं, घोड्याचंही. शाकाहारी मंडळींनी सरळ वरच्या सज्जात जावं, तिथे सुकामेवा आहे. खाली परत आलात की कुर्त बघा: दह्याचा चक्का वाळवून केलेल्या पांढऱ्या खारट गोळ्या, ढीग रचून ठेवलेल्या. विक्रेती बाई एक हातावर ठेवते आणि आपल्या चेहऱ्याकडे बघत बसते. बाहेर नानवाले आहेत. इथला नान गोल, जाड, कडेला फुगलेला आणि मधे खोलगट. त्या खोलगट भागात नक्षी उमटलेली असते ती चेकिच नावाच्या ठशाने. लाकडी मुठीत टोकदार खिळे बसवलेले असतात, भट्टीत लावण्याआधी तो पिठावर दाबायचा, म्हणजे मधला भाग फुगत नाही. वर तीळ किंवा कलौंजी. गरम नान हातात घेऊन चालत राहायचं, तोच नाश्ता.

तिथून हजरती इमामपर्यंत साधारण दोन किलोमीटर, जुन्या महल्ल्यांमधून. मातीच्या भिंती, रस्त्याच्या बाजूला खिडक्या जवळजवळ नाहीतच, आणि दार उघडं असेल तर आत अंगण, द्राक्षाचा मांडव. भूकंपानंतर जे थोडं शिल्लक राहिलं ते इथे दिसतं. बस हा भाग मोठ्या रस्त्याने टाळते, गाडीही.

हजरती इमाम परिसरात उस्मानी कुराणाची, म्हणजे खलिफा उस्मान यांच्या नावाने ओळखली जाणारी प्राचीन प्रत जपलेली आहे. १८६९मध्ये रशियन लोकांनी ती समरकंदहून सेंट पीटर्सबर्गला नेली, क्रांतीनंतर ती परत फिरली आणि १९२०च्या दशकात ताश्कंदला आली. १९९७मध्ये युनेस्कोने तिची जागतिक स्मृती-नोंदवहीत नोंद केली. शेजारी इस्लामी संस्कृतीचं भव्य नवं केंद्र उभं राहिलं आहे, त्यामुळे प्रत कुठल्या दालनात आणि कुठल्या वेळी पाहता येते, हे गाइडला त्याच सकाळी विचारायला सांगा. शुक्रवारी दुपारची वेळ टाळा.

मग चोरसूला परतून मेट्रो. १९७७मध्ये सुरू झालेली ही मध्य आशियातली पहिली मेट्रो. २०१८पर्यंत इथे फोटो काढायला बंदी होती. आता मोकळीक आहे, फक्त शिरताना बॅग तपासतात. भाडं चहाच्या पैशांत. चोरसूहून निळ्या मार्गाने चौथं स्थानक कोस्मोनाव्तलार, १९८४चं. भिंती निळ्याच्या छटा बदलत काळ्याकडे जातात, वातावरण सोडून अवकाशात गेल्यासारख्या, आणि त्यावर गोल चकत्यांत चेहरे: सोव्हिएत अंतराळवीर गागारिन आणि तेरेश्कोवा, समरकंदचा खगोलशास्त्रज्ञ राजा उलुगबेग, आणि याच देशात जन्मलेला अंतराळवीर जानिबेकोव. गाइड नसेल तर शेवटचे दोघं कोण हे कळत नाही. हे स्थानक झालं त्याच वर्षी एप्रिलमध्ये आपले राकेश शर्मा सोव्हिएत यानातून गेले होते, ही भर आपण घालायची.

मागे फिरून अलिशेर नवोई स्थानकाचे घुमट बघा, तिथेच पाख्ताकोरला मार्ग बदला. पाख्ताकोर म्हणजे कापूस पिकवणारा. भिंतींवर मोझेइकमध्ये कापसाची बोंडं आहेत. विदर्भातल्या माणसाने इथे दोन मिनिटं जास्त थांबावं. पुढचं स्थानक मुस्ताकिल्लिक मैदोनी, म्हणजे स्वातंत्र्य चौक, वर आलं की नवोई नाट्यगृह चालत. मॉस्कोतल्या लेनिन समाधीचा वास्तुकार श्चुसेव याने ते आखलं, १९४७मध्ये ते उघडलं, बांधायला जपानी युद्धकैदी होते आणि १९६६च्या भूकंपात ते उभं राहिलं. आतली दालनं बघायची तर संध्याकाळच्या खेळाचं तिकीट काढा. मुंबईतल्या नाटकाच्या मानाने स्वस्त असतं.

वेळ उरला तर अब्दुल्ला कोदिरी स्थानकाजवळचं भूकंप-स्मारक. दुभंगलेला काळा दगडी ठोकळा, त्यावर घड्याळ आणि तारीख. तिथून निघालेली भेग जमिनीवरून एका जोडप्याच्या पायांपर्यंत जाते. बसटूरमध्ये हे असलंच तर शेवटी, सगळे दमल्यावर.

एकट्याने

मेट्रो सोपी आहे, कार्ड टेकवून फाटक उघडतं, यांडेक्सची टॅक्सी फोनवर येते. खर्च नगण्य. वास्तुकलेचं वेड असलेल्यांनी, विशेषतः इमारतींच्या आडभिंतींवरची झार्स्की बंधूंची मोझेइक शोधत हिंडणाऱ्यांनी, एकट्यानेच फिरावं. कुठल्याच गाइडला तेवढा धीर नसतो. बाकीच्यांनी संध्याकाळी फिरायला ही पद्धत ठेवावी. सकाळ गाइडची, संध्याकाळ आपली, हा मेळ खर्चातही बसतो.

आणि टूर सोडून थेट समरकंद?

सहलीत समरकंद नसेलच, म्हणजे कामासाठी किंवा विमान बदलण्यासाठी आला असाल आणि हातात पूर्ण दिवस असेल, तर ताश्कंद सोडा. अफ्रोसियोब या वेगवान रेल्वेने सव्वादोन तासांच्या आत-बाहेर पोहोचता. पहाटेची गाडी, रात्रीची परत. तिकिटं मात्र आधी संपतात, त्यामुळे आदल्या दिवशी ठरवलेला बेत बहुधा फसतो. अर्धाच दिवस असेल तर हा विचारही करू नका.

जेवणाचं थोडं. दुपारच्या पलावाची मोठी कढई टीव्ही टॉवरजवळच्या पलाव केंद्रात बघण्यासारखी असते; दुपार कलली की संपते. त्यात मांस असतंच, आणि ‘मांस बाजूला काढून देतो’ हा तिथला प्रामाणिक पण निरुपयोगी उपाय. शाकाहाऱ्यांनी भोपळ्याचा सामसा, आचिचुक ही टोमॅटो-कांद्याची कोशिंबीर आणि नान यांवर भागवावं, मात्र सामशातही चरबी आहे का ते गाइडकडून विचारून घ्यावं.

ठरवण्याआधी गाइडला तीन गोष्टी विचारा: तिकिटं दरात धरली आहेत का, मधे दुकान आहे का, आणि चोरसूला किती वेळ. तिसऱ्याचं उत्तर तासाच्या खाली आलं, तर दुसरा गाइड बघा.