फुटबॉल बघायचं असंल तर स्टेशनजवळचं हे चहाचं हॉटेल
परभणीत सगळे क्रिकेटच लावतेत, इथले काका मात्र मागितली की फुटबॉलची मॅच लावून देतेत. चहा कडक, भजे गरम, बाकडे तेवढे अडचणीचे आहेत. १० मार्च २०२०, धुळवडीचा दिवस, रंगलेल्या तोंडानं इथंच बसून बघायलो होतो, कोलकात्याच्या मोहन बागान टीमनी मिझोरामच्या ऐझॉलला १-०नी हरवलं, ८० व्या मिनिटाला बाबा दियावाराचा गोल अन् चार मॅच बाकी असतानाच आय-लीग, म्हणजे देशातली फुटबॉलची लीग, खिशात! पण १५ तारखेची ईस्ट बंगालसोबतची डर्बी, म्हणजे एकाच शहरातल्या दोन टीमची मॅच, कोरोनानं झालीच नाही, सीझनच थांबला, लई जीवाला लागलं बघा. लॉकडाऊन उठल्यावर गेलो तर काकांनी न विचारता तोच कोपरा पुसून दिला.