पेट्रोलवरचा प्रेशर वॉशर, दोन हंगामांनंतर: इंजिनापेक्षा पंपाच्या ऑइलकडे बघा

ट्रॅक्टर, रोटाव्हेटर आणि गोठा धुवायला साडेसहा एचपीचा, तीन पिस्टनच्या पंपाचा वॉशर घेतला. परभणीकडे शेतातली लाइट आज रात्री तर उद्या दिवसा, म्हणून मोटरवाल्याच्या नादी लागलो नाही. धारेबद्दल तक्रार नाही, पात्यांत वाळून बसलेली काळी माती सुटते. सांगायचंय ते ऑइलचं.

या मशीनला ऑइल दोन ठिकाणी लागतं, आणि दुकानात हे धड कुणी सांगत नाही. इंजिनाचं सोपं. पुस्तिकेप्रमाणे १०डब्ल्यू-३० आणि एसएई ३० हे दोन्ही ग्रेड चालतात. आपल्याकडे मे महिन्यात पारा ४२ च्या पुढे, म्हणून मी एसएई ३० टाकतो. पहिल्यांदा २० तास चालल्यावर बदलायचं, पुढे १०० तासांनी किंवा सहा महिन्यांनी. साधारण ०.६ लिटर बसतं.

पंपाचं वेगळं. त्यात ‘नॉन-डिटर्जंट’, म्हणजे डिटर्जंट न घातलेलं साधं पंप ऑइल सांगितलंय. इंजिन ऑइलमधली डिटर्जंट द्रव्यं घाण धरून ठेवतात, तशी पाण्यालाही ऑइलमध्ये मिसळवून ठेवतात. साध्या ऑइलमध्ये शिरलेलं पाणी बरंचसं खाली बसतं, ड्रेन बोल्ट उघडला की आधी तेच बाहेर येतं. पहिला बदल ५० तासांनी, मग ५०० तास किंवा तीन महिने. शेतकऱ्याचे ५०० तास कुठले भरतात! तीन महिनेच आधी येतात.

पावसाळ्यात पंपावरच्या ऑइल दिसायच्या काचेत ऑइल चहात दूध पडल्यासारखं दिसू लागलं. मेकॅनिक लगेच सील बदला म्हणाला. मी आधी पंप गरम असताना ऑइल काढलं, नवीन भरलं आणि थोडा वेळ चालवून पाहिलं. स्वच्छ राहिलं, म्हणजे शेडमधल्या दमटपणाचं पाणी होतं. लगेच पुन्हा दुधाळ झालं असतं, तर सीलच गेलेलं. बोअरचं पाणी क्षाराचं असेल तर पाण्याकडची सीलं तशीही लवकर झिजतात, तेव्हा काचेवर नजर ठेवाच.

घरगुती छोटा वॉशर घेणाऱ्यांनी मात्र डोकं शिणवू नये. त्यातल्या बहुतेकांचा पंप बंदिस्त असतो, ऑइल बदलायची सोयच नसते.

माझ्या मशीनचा ड्रेन बोल्ट नेमका फ्रेमच्या नळीवर येतो. ऑइल डब्यात कमी आणि फ्रेमवर जास्त, त्यामुळे बाटली उभी कापून पन्हाळ करावी लागते. कंपनीने बोल्ट दोन बोटं बाहेर काढला असता तर पाच तारे दिले असते. आता चार.