अंजनेरीचा माहितीपट करून घेतला, त्याचा अनुभव

आमच्या गिर्यारोहण मंडळाने नाशिकच्याच एका माहितीपटकाराकडून नाशिकजवळच्या अंजनेरी गडाविषयी अर्ध्या तासाची फिल्म करून घेतली. शाळांमधून दाखवायची होती. लग्नाचं शूटिंग करणारे कमी पैशांत तयार होते. यांनी मात्र आधी आमच्यासोबत गड पाहिला, कॅमेरा बाहेरही काढला नाही, आणि मगच खर्चाचा आकडा लिहून दिला. तो शेवटपर्यंत बदलला नाही. वनखात्याची परवानगीही त्यांनीच काढली.

ड्रोनला त्यांनी साफ नकार दिला, हे मला सगळ्यात भावलं. मंडळातल्या तरुण पोरांना कड्यावरून झेपावणारा शॉट हवाच होता. पण अंजनेरीच्या कड्यांत गिधाडांची घरटी आहेत. ‘शॉटपायी एक अंडं गेलं तरी मला चालणार नाही,’ म्हणाले आणि विषय संपवला. गिधाडांच्या घिरट्या त्यांनी लांबून, ट्रायपॉड लावून टिपल्यात, आणि त्या पाहताना शाळेतली मुलं एकदम गप्प होतात.

खरचुडी या कंद असलेल्या छोट्या रानवनस्पतीचा भाग तर पुन्हा पुन्हा पाहावा असा. सेरोपेजिया अंजनेरिका ही अंजनेरीच्याच नावाची खरचुडी, २००६ साली नवी जात म्हणून नोंदली गेली. फूल इवलंसं, कंदिलासारखं. माशी नळीत शिरते, आतल्या खाली वळलेल्या केसांमुळे तिला बाहेर पडता येत नाही. केस सुकले की पराग अंगावर घेऊन सुटते. हे सगळं पडद्यावर दिसतं. भर पावसात, चिखलात पालथं पडून, लेन्स पुसत पुसत त्यांनी ते घेतलंय. बासरी-सतारीचा भडिमार नाही, नुसता वारा आणि पाऊस. आणि फूल नेमकं कुठे आहे हे कळेल अशी एकही खूण चौकटीत येऊ दिलेली नाही, कारण खरचुडीचे कंद खणून नेणारे आहेतच.

पायथ्याच्या जुन्या देवळांचा भाग मात्र उरकलाय. तिथल्या जैन मंदिरात शके १०६३ चा, यादव काळातला शिलालेख आहे. तो समोरून, सपाट उजेडात घेतल्याने एकही अक्षर उठून दिसत नाही. बाजूने तिरपा उजेड टाकला असता तर अक्षरं वर आली असती. फुलासाठी इतकी चिकाटी दाखवणाऱ्या माणसाने आपल्या या ठेव्याला एवढा कमी वेळ द्यावा, याचं मला मनापासून वाईट वाटलं. तसं सांगितल्यावर त्यांनी वाद घातला नाही. परवानगी मिळाली की तेवढा भाग जादा पैसे न घेता पुन्हा घेणार आहेत.

फिल्म गणपतीत मिळायची होती, ती दिवाळीनंतर हातात आली. न वापरलेलं चित्रीकरणही मागितल्यावर हार्डडिस्कवर दिलं, असं करणारे कमीच. पावसाळ्यातलं काम असेल तर उन्हाळ्यातच बोलून ठेवा, वनखात्याच्या परवानगीला वेळ लागतो.