रास्पबेरी पाय ४ वर जुने व्हिडिओ गेम : पावसाळा ते उन्हाळा वापरल्यानंतर

रास्पबेरी पाय या एकाच बोर्डावर मावणाऱ्या छोट्या संगणकावर जुन्या कन्सोलचे गेम कसे चालवावेत याची माहिती बहुतेक ठिकाणी 'मेमरी कार्डवर इमेज, म्हणजे तयार प्रणालीची फाइल, लिहा, गेम टाका आणि खेळा' एवढ्यावर संपते, आणि पहिल्या संध्याकाळपुरती ती खरीही आहे. गेल्या पावसाळ्याच्या तोंडावर मी रास्पबेरी पाय ४ च्या २ जीबी बोर्डावर रेट्रोपाय हे जुने गेम चालवणारे सॉफ्टवेअर बसवले. तेव्हापासून कोल्हापुरातल्या आमच्या घरी ते टीव्हीमागे कायमचे जोडलेले आहे आणि घरातली मुले, पुतणे व माझे शाळासोबती त्यावर नियमितपणे खेळतात. इतक्या वापरानंतर माझे मत असे झाले आहे की गेम चालवण्याचा प्रश्न सॉफ्टवेअरने केव्हाच सोडवलेला आहे. वेळ जातो तो वीज, साठवण, कंट्रोलर आणि टीव्ही या चार गोष्टींत. म्हणून पुढचा मजकूर गेमपेक्षा त्यांच्याविषयीच अधिक आहे.

बोर्डाची निवड फार विचार न करता झाली. २०२३ मध्ये आलेला पाय ५ निश्चितच वेगवान आहे, परंतु पूर्ण क्षमतेने चालण्यासाठी त्याला ५ व्होल्ट ५ अँपिअरचा ॲडॅप्टर लागतो, आणि रेट्रोपायची ४.८ ही तयार इमेज पाय ४ पर्यंतच्याच बोर्डांसाठी आहे. एनईएस, सुपर एनईएस, मेगा ड्राइव्ह आणि पहिले प्लेस्टेशन या जुन्या कन्सोलवर ज्याचे समाधान होते, त्याला पाय ४ पुरून उरतो. दोन जीबी मेमरीही पुष्कळ झाली. आठ जीबीचा बोर्ड घेऊन गेम अधिक चांगले चालतील, अशी समजूत करून घेऊ नये.

विजेकडे मात्र पहिल्या दिवसापासून लक्ष द्यावे लागते. घरातला एखादा मोबाइलचा चार्जर आणि हाताला लागेल ती केबल जोडली तरी बोर्ड सुरू होतो, मुखपृष्ठ दिसते, मारिओ उड्या मारू लागतो. आणि मग एखाद्या गर्दीच्या दृश्यात आवाज तडतडतो व पडद्याच्या कोपऱ्यात विजेचे पिवळे चिन्ह चमकून जाते. पुरवठा सुमारे ४.६३ व्होल्टच्या खाली गेला की हे चिन्ह येते आणि प्रोसेसर स्वतःचा वेग कमी करतो. लोक अशा वेळी एम्युलेटर, म्हणजे जुन्या यंत्राची नक्कल करणारे सॉफ्टवेअर, बदलून पाहतात, सेटिंग उलटसुलट करतात, आणि दोष असतो तो बारीक तारेच्या केबलमध्ये. पाय ४ साठी ५.१ व्होल्ट ३ अँपिअरचा, केबल जोडलेलीच असलेला ॲडॅप्टर घ्यावा आणि हा विषय तिथेच संपवावा.

उष्णतेचेही तसेच आहे. ८० अंश सेल्सिअसला प्रोसेसर वेग आवरू लागतो, आणि बंद प्लास्टिकच्या डबीत, एप्रिलच्या दुपारी, ते तापमान गाठायला वेळ लागत नाही. पंख्याचा आवाज नको असल्यामुळे मी शिवाजी उद्यमनगरातल्या एका ओळखीच्या वर्कशॉपमधून ॲल्युमिनियमच्या ठोकळ्याची डबी मिलिंग करून घेतली. तिच्या झाकणाला आतून ठेवलेला चौकोनी उंचवटा थर्मल पॅडमार्फत थेट चिपवर टेकतो आणि सगळी डबीच हीटसिंकचे, म्हणजे उष्णता बाहेर टाकण्याचे, काम करते. कोल्हापुरात राहून तयार डबी कशाला विकत आणायची, हा त्यामागचा थोडासा हट्टही होता. डबी दिसायला देखणी आहे आणि उन्हाळाभर वेग एकदाही उतरलेला दिसला नाही. तोटा एवढाच की धातूमुळे वायफायचा सिग्नल क्षीण झाला, त्यामुळे फाइली पाठवण्यासाठी राउटरपासून केबल ओढावी लागली.

साठवणीचा भाग सर्वांत त्रासाचा ठरला. पाय हा शेवटी लिनक्सवर चालणारा संगणक आहे. जुन्या कन्सोलसारखे त्याचे बटण खटकन बंद करता येत नाही. पावसाळ्यात वारा सुटला की आमच्या भागात वीज जाते, आणि अशाच एका संध्याकाळी लिहिणे चालू असताना पुरवठा तुटून मेमरी कार्डावरची फाइल व्यवस्था बिघडली. बोर्ड सुरू होईना, कार्ड नव्याने लिहावे लागले. गेम पुन्हा टाकता येतात, परंतु मुलांनी आठवडाभर खेळून पुढे नेलेले सेव्ह, म्हणजे साठवलेली प्रगती, गेले, आणि त्यांची समजूत काढणे हे कार्ड लिहिण्यापेक्षा अवघड होते.

त्यानंतर तीन बदल केले. पहिला म्हणजे कार्ड काढून यूएसबीला जोडलेल्या एसएसडीवरून बोर्ड सुरू करणे. पाय ४ चा बूटलोडर, म्हणजे बोर्ड सुरू होताना सर्वांत आधी चालणारा प्रोग्राम, अद्ययावत असेल तर ते सहज जमते. दुसरा, घरातला इन्व्हर्टर यूपीएस मोडवर ठेवणे, म्हणजे वीज गेल्यानंतरची अदलाबदल बोर्डाला जाणवत नाही. तिसरा बदल फुकटचा आहे आणि तो प्रत्येकाने करावा. रेट्रोपायच्या आत गेम चालवणारे रेट्रोआर्च हे मूळ सॉफ्टवेअर गेममधले सेव्ह सहसा गेममधून बाहेर पडतानाच डिस्कवर लिहिते. त्याच्या सेव्हिंगच्या सेटिंगमध्ये सेव्हरॅम ऑटोसेव्ह इंटरव्हल नावाचा पर्याय आहे, तो ठरावीक सेकंदांवर ठेवला की खेळ चालू असतानाही सेव्ह लिहिले जाते. ज्यांच्याकडे इन्व्हर्टर नाही, त्यांनी रेट्रोपायऐवजी बाटोसेरा या तशाच दुसऱ्या प्रणालीचाही विचार करावा. त्यात मूळ प्रणाली केवळ वाचण्यापुरत्या स्वरूपात साठवलेली असते, त्यामुळे अचानक वीज गेल्यास बोर्डच सुरू न होण्याची भीती बरीच कमी होते.

एसएसडीने एक नवी कटकट मात्र आणली. ब्लूटूथ कंट्रोलर मधूनच तुटू लागला, आणि तो नेमका उडी मारायच्या क्षणी तुटतो असे मुलांचे म्हणणे होते. यूएसबी ३ च्या उपकरणांतून व केबलींमधून २.४ गिगाहर्ट्झच्या पट्ट्यात गोंगाट मिसळतो आणि ब्लूटूथही त्याच पट्ट्यात चालते. एसएसडी हातभर लांबीच्या चांगल्या एक्स्टेन्शन केबलने बोर्डापासून दूर नेल्यावर तक्रार थांबली. तरीही माझा कौल तारेच्या यूएसबी पॅडलाच आहे, कारण त्याला चार्जिंग नाही, जोडणी नाही, आणि पाहुण्यांची मुले आली की नुसता खोचून हातात देता येतो.

आता टीव्ही. एनईएसचे चित्र २५६ बाय २४० ठिपक्यांचे असते आणि ते जुन्या ४:३ आकाराच्या पडद्यासाठी काढलेले असते. नव्या रुंद टीव्हीवर ते ताणून भरले की मारिओ बुटका आणि जाड दिसतो. चित्राचा आकार ४:३ ठेवून दोन्ही बाजूंना काळे पट्टे सोडणे हेच योग्य. जुन्या काचेच्या टीव्हीच्या आडव्या रेषांचा आभास हवा असल्यास सीआरटी-पाय हा शेडर, म्हणजे चित्रावर चढवायचा परिणाम, पाय ४ वर पूर्ण वेगाने चालतो आणि डोळ्यांना बरा वाटतो. टीव्हीचा गेम मोड आवर्जून चालू करावा, कारण तो नसताना टीव्ही चित्रावर स्वतःचे संस्कार करत बसतो आणि बटण दाबल्यापासून उडीपर्यंतचा उशीर हाताला कळतो. डक हंट या बंदुकीने खेळायच्या गेमची मात्र आशा सोडावी. ती बंदूक काचेच्या टीव्हीवर किरण रेखाटला जातानाचा उजेड टिपत असे, आणि एलईडी पडद्यावर तो प्रकारच नाही.

सर्वांत मनोरंजक गोष्ट कळायला काही महिने जावे लागले. शाळेतला एक मित्र आला, त्याने दोन पातळ्या खेळून पॅड खाली ठेवला आणि म्हणाला, "भावा, ह्यो आपला काँट्रा न्हवं. लई पळतोय." मला ते आधी स्मरणाचे लाड वाटले. परंतु त्याचे निरीक्षण अचूक होते. मूळ जपानी व अमेरिकी कन्सोल सेकंदाला सुमारे ६० चित्रे काढतात, कारण तिथले टीव्ही एनटीएससी पद्धतीचे होते. आपल्याकडचे टीव्ही पाल पद्धतीचे, म्हणजे ५० चित्रांचे, आणि आपण नव्वदच्या दशकात ज्यावर कॅसेटी खोचून खेळलो ती यंत्रे मूळ कन्सोल नव्हती, तर त्याच्या नकला होत्या. पाल देशांसाठी बनलेल्या बहुतेक नकलांत प्रोसेसरचा वेग जवळजवळ मूळ जपानी यंत्राइतकाच, सुमारे १.७७ मेगाहर्ट्झ ठेवलेला असे; परंतु दर चित्रानंतरची रिकामी वेळ वाढवून चित्रे ५० वर आणलेली असत. याचा परिणाम असा की गेम आणि त्याचे संगीत सुमारे सतरा टक्के सावकाश चालते, आणि तरीही सुरांची पट्टी जवळजवळ बदलत नाही. युरोपात अधिकृतपणे विकल्या गेलेल्या पाल कन्सोलमध्ये प्रोसेसरही मंद, १.६६ मेगाहर्ट्झचा होता, त्यामुळे तिथे सूरही उतरतो.

एफसीईयूएमएम या एम्युलेटर कोअरच्या, म्हणजे रेट्रोआर्चमधल्या एनईएस चालवणाऱ्या भागाच्या, पर्यायांत रीजन या नावाखाली एनटीएससी व पाल यांच्या जोडीला डेंडी असा पर्याय आहे. १९९२ पासून रशियात गाजलेल्या अशाच एका नकलेचे ते नाव. तो निवडला आणि गेम सुरू होताना बटण दाबून उघडणाऱ्या रनकमांडच्या यादीतून टीव्हीला १०८० ठिपके ५० हर्ट्झ असे चित्र दिले, की काँट्राचे पहिले जंगल आमच्या ओळखीच्या चालीने सरकू लागले. दुसरी पायरी गाळू नये. टीव्ही ६० हर्ट्झवर राहिला तर ५० चित्रे त्यात बसवताना सरकणारी पार्श्वभूमी अडखळते. त्याच कोअरमध्ये टर्बो बटणांचीही सोय आहे, त्यामुळे नकली पॅडवरची ती दोन जादा बटणे, जी दाबून धरली की गोळ्यांची सर सुटायची, तीही परत मिळतात. काही जण याला खेळातली लबाडी म्हणतील. आमच्यासाठी तोच मूळ खेळ आहे.

प्लेस्टेशनबद्दल थोडक्यात सांगायचे तर पीसीएसएक्स रीआर्म्ड हा एम्युलेटर उत्तम चालतो, आणि सीडीच्या प्रती सीएचडी या आवळलेल्या स्वरूपात आणल्या की जागा वाचते. निन्टेंडो ६४ साठी हा बोर्ड घेऊ नये. काही गेम चांगले चालतात, काही अडखळतात, आणि प्रत्येकासाठी वेगळी सेटिंग जपत बसावे लागते. बाजारात हजारो गेम भरलेली तयार कार्डे मिळतात, त्यांपासून दूर राहावे, कारण ती परवानगीशिवाय भरलेली असतात आणि त्यांत एकाच गेमच्या नावे बदललेल्या प्रती खच्चून असतात. १९५७ च्या कॉपीराइट कायद्याच्या कलम ५२ नुसार स्वतःकडे वैधपणे असलेल्या प्रतीची सुरक्षेपुरती नक्कल करण्यास वाव आहे, परंतु उतरवून घेतलेल्या गेमला तो लागू होत नाही. जुन्या यंत्रांसाठी आजही नवे गेम लिहिले जातात. २०१९ चा मायक्रो मेजेस अवघ्या ४० केबींचा आहे, चौघांना एकत्र खेळता येतो, आणि विकत घेतला की त्याची फाइल रीतसर मिळते. मुलांना आता तोच अधिक आवडतो.

आर्केडचे, म्हणजे गेम पार्लरमधल्या यंत्रांचे, गेम टाकताना एक गोष्ट नीट समजून घ्यावी. तिथे एक गेम म्हणजे मूळ सर्किटवरच्या अनेक चिपांमधल्या मजकुराचा संच असतो, आणि मेम या आर्केड एम्युलेटरच्या प्रत्येक आवृत्तीला तो संच ठरावीक नावांच्या व ठरावीक चेकसमच्या (फाइलीतला मजकूर तोच आहे हे पडताळणाऱ्या आकड्याच्या) फाइलींचा हवा असतो. मेम २००३ या कोअरला ०.७८ आवृत्तीचाच संच लागतो. दुसऱ्या आवृत्तीचा दिला की गेम काहीही न सांगता यादीत परत येतो. आपण पार्लरमध्ये ज्याला मुस्तफा म्हणत होतो, तो कॅपकॉमचा १९९३ चा कॅडिलॅक्स अँड डायनोसॉर्स, एफबीनिओ या कोअरवर पूर्ण वेगाने चालतो आणि तिघांना एकत्र खेळता येतो. बोर्डाला चार यूएसबी पोर्ट असल्याने तीन पॅड सहज बसतात; परंतु खेळाडूंचे क्रमांक पॅड ज्या क्रमाने सापडतील त्यानुसार ठरतात, आणि मध्येच एखादा काढून लावला की मुस्तफा कोणाकडे यावरून वाद सुरू होतो. म्हणून तिन्ही पॅड गेम सुरू करण्याआधीच जोडावेत आणि खेळ संपेपर्यंत कोणालाही हात लावू देऊ नये.