४३ इंची स्मार्ट टीव्ही: पिक्चर झकास, होम स्क्रीन मात्र कंपनीची

टीव्ही म्हणून नावं ठेवायला जागा नाही. फोर-के आहे, रंग मस्त, आवाज हॉलला पुरून उरतो, फिटिंगवाला मुलगा पण सांगितलेल्या वेळेला आला. पण चालू केला की अर्ध्या स्क्रीनवर जाहिरात, आणि नुसता फोटो नाही तर आपोआप वाजायला लागते, म्हणजे रात्री पोरगं कसंबसं झोपवून बाहेर यावं तर हॉलमध्ये कोल्ड्रिंकवाला बोंबलतोय. रिमोटवर चार ओटीटीची बटणं, त्यातल्या दोनचं सबस्क्रिप्शन आमच्याकडे नाहीच, आणि सासूबाईंचं बोट नेमकं तिथंच पडतं, मग "अगं हे काय आलं बघ गं" सुरू. ती बटणं पण जाहिरातच बरं का, त्या जागेचे पैसे ओटीटीवाले मोजतात.

कस्टमर केअरला फोन केला तर "मॅडम, ते फीचर आहे". घ्या! पैसे आम्ही भरले, भिंत आमची, लाईटबिल आमचं आणि होम स्क्रीन भाड्याने देणार हे. चॅनलवाल्यांना निदान कागदावर तरी जाहिरातींना तासाला १२ मिनिटांची मर्यादा आहे (पाळतात किती ते मालिका बघणाऱ्यांना विचारा), होम स्क्रीनला तेवढंही बंधन नाही.

आणि सेटअप करताना आपण जे ॲग्री ॲग्री दाबत सुटतो ना, तिथं जरा थांबा. एसीआर नावाची भानगड असते, स्क्रीनवर काय चाललंय ते टीव्ही ओळखतो आणि कंपनीला कळवतो, बऱ्याच सेटमध्ये तर सेट टॉप बॉक्सवरून बघितलं तरी. अमेरिकेत व्हिझिओ कंपनीने १.१ कोटी टीव्हींवरून असा डेटा लोकांना न विचारता गोळा केला, २०१७ मध्ये २२ लाख डॉलर देऊन प्रकरण मिटवलं. सेटिंगमध्ये प्रायव्हसीत जाऊन व्ह्यूइंग इन्फर्मेशन, इंटरेस्ट बेस्ड ॲड्स असलं जे दिसेल ते बंद करा. जाहिराती त्याने जात नाहीत, पाळत तेवढी कमी होते. गूगल टीव्ही असेल तर ॲप्स ओन्ली मोड असतो, त्यात शिफारशींचा पसारा बराच कमी होतो पण व्हॉइस सर्च पण जातो.

पाचपैकी अडीच, ते पण पिक्चरचे. दुकानात डेमो व्हिडिओ लावलेला असतो, मोर नि धबधबे बघून भुलू नका, सेल्समनला नेट जोडून होम स्क्रीन उघडायला लावा आणि मगच कार्ड काढा.